झुक्केल्ली मास्तरांचा गॅसवाला

कारणाशिवाय कुणी कपडे काढत नाही, असं एर्मेते झुक्केल्ली यांचं ठाम मत होतं. आंघोळ हे कारण झालं, डॉक्टर हे कारण झालं, ऑगस्टमधला रोमचा उकाडा हेही ओढूनताणून कारण धरता येईल. पण बेल वाजली, दार उघडलं आणि लगेच सुरू, हे काही त्यांना पटायचं नाही. आणि नशीब बघा, पन्नाशी उलटल्यावर त्यांना काम मिळालं ते नेमकं अशा सिनेमाच्या कंपनीत, जिथं बेल वाजण्याचा दुसरा काही अर्थच नव्हता.

त्याआधीची वीसेक वर्षं ते एका साप्ताहिकात फोटोंच्या प्रेमकथा लिहायचे. चौकटीत नायक-नायिकेचे फोटो, त्यांच्या तोंडाजवळ पांढरा फुगा आणि फुग्यात मास्तरांचे संवाद. पार्लरमध्ये केस वाळवत बसलेल्या बायका ते साप्ताहिक वाचायच्या. मास्तरांचा नायक नायिकेचा हात धरायचा तो चेरी पिकायच्या सुमाराला, आणि चुंबन यायचं नाताळच्या अंकात. मधले महिने देशभरातल्या बायका नुसत्या तळमळायच्या. एकदा व्हितेर्बोहून एक बाई थेट कचेरीत येऊन उभी राहिली. म्हणाली, ‘‘पुढच्या आठवड्यात माझं ऑपरेशन आहे. जगेन न जगेन. तेवढं सांगा, तो तिला विचारतो का?’’ मास्तरांनी सांगितलं नाही. ‘‘बऱ्या होऊन या,’’ म्हणाले. बाई बरी होऊन आली. मास्तर हा आपल्या आयुष्यातला सर्वांत मोठा पुरस्कार मानायचे.

पुढं घरोघरी टीव्ही आला, साप्ताहिक बंद पडलं, आणि मास्तर बहिणीच्या घरातल्या मागच्या खोलीत टाइपरायटर घेऊन नुसते बसून राहिले. बहीण इल्देगार्दा, ट्राम चालवणाऱ्या माणसाची विधवा, वयानं त्यांच्याहून चार वर्षांनी मोठी आणि आवाजानं बरीच मोठी. रोममधल्या गार्बातेल्लाच्या जुन्या वस्तीत तिसऱ्या मजल्यावर तिचं घर. मास्तर तिथं राहायला आले त्याला तेव्हा बरीच वर्षं झाली होती.

सत्त्याहत्तर सालच्या वसंतात कुणीतरी त्यांना स्बोर्दोनीकडे पाठवलं.

स्बोर्दोनीला सगळे ‘कोमेंदातोरे’ म्हणायचे. ही मानाची पदवी सरकार देतं, पण याला ती बहुधा शिंप्यानं दिली असावी, कारण सूट मात्र फार उत्तम असायचा. टायरच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत त्याची कंपनी होती. निर्माता तोच, दिग्दर्शक तोच, आणि दुपारी टायरवाला जेवायला गेला की गिऱ्हाइकांना ट्यूब विकणाराही तोच. त्याचे सिनेमे कसले, तर माणसं कोटाची कॉलर वर करून, इकडंतिकडं बघून ज्या थिएटरात शिरतात, तसले.

‘‘मास्तर, गिऱ्हाईक झोपतंय हो,’’ तो म्हणाला. ‘‘पाचव्या मिनिटाला सगळं दाखवून होतं, मग पुढं काय दाखवू? पोटातलं अपेंडिक्स? वितरक म्हणतो थोडी गोष्ट घाला. घाला तुम्ही. पण जपून.’’ आणि बोटाच्या पेरावर अंगठा ठेवून त्यानं दाखवलं. ‘‘एवढीच. मिठासारखी.’’

‘‘विषय काय?’’ मास्तरांनी विचारलं.

‘‘विधवा आहे. गॅसचा मीटर वाचायला माणूस येतो. झालं.’’

‘‘कुठल्या वारी येतो?’’

‘‘वार?’’ स्बोर्दोनी बघतच राहिला. ‘‘रविवार घ्या. सुट्टी असते, सगळे निवांत असतात.’’

‘‘रविवारी गॅसची कचेरी बंद असते, कोमेंदातोरे.’’

‘‘मग सोमवार घ्या!’’

पण मास्तरांचे डोळे तोवर खिडकीबाहेर लागले होते. ‘‘नाही, नाही,’’ ते पुटपुटले. ‘‘रविवारीच येतो. कचेरी बंद असूनही येतो. का येतो?’’

‘‘मला काय विचारता? मीच तुम्हाला—’’

‘‘सापडेल,’’ म्हणत मास्तर टोपी घालून जिना उतरलेसुद्धा.

आणि त्यांना सापडलं. एर्सिलिया नावाची विधवा. नवरा गेल्यापासून तिनं गॅस पेटवलेला नाही. थंड पाव, थंड चीज, थंड दूध. मीटर वाचायला आमेदेओ येतो, बघतो तर आकडा मागच्या वेळचाच. पुढच्या खेपेला येतो, तरी तोच. मीटर बिघडला असेल म्हणून तो टिचक्या मारून बघतो. मग त्याचं लक्ष चुलीकडे जातं. चकचकीत, कोरडी चूल. आता तो रविवारी येऊ लागतो, कामाशिवाय, टोपी हातात धरून. मीटरकडे बघतो, बाईकडे बघतो, निघून जातो. शेवटी एका रविवारी तो भाजीसाठी आर्टिचोकची जुडी घेऊन येतो आणि म्हणतो, ‘हे कच्चे खाता येत नाहीत.’ बाई उठते. काडी ओढते. चूल पेटते. आणि दाराजवळच्या मीटरचं चाक, इतक्या महिन्यांनी, हळूच फिरतं.

स्बोर्दोनीनं कागद चाळले. पुढून चाळले, मागून चाळले. ‘‘मास्तर, पलंग कुठंय?’’

‘‘आतल्या खोलीत आहे.’’

‘‘हो, पण त्या खोलीत जातं कोण?’’

‘‘अजून कुणी नाही,’’ मास्तर म्हणाले. ‘‘पण दार सगळा वेळ उघडं आहे. बघणाऱ्याला ते दिसत राहतं.’’

शूटिंगची तारीख ठरली होती, नटांना आगाऊ सांगून झालं होतं, त्यामुळं स्बोर्दोनीनं डोकं धरलं आणि ‘पलंगाचं मी बघतो’ म्हणून सोडून दिलं. जुन्या वळणाचं स्वयंपाकघर हवं होतं, ते भाड्यानं घ्यायला लागू नये म्हणून मास्तरांच्या बहिणीचंच ठरलं. इल्देगार्दाला सांगितलं की गॅसच्या सुरक्षिततेवर माहितीपट आहे.

‘‘सरकारी का?’’ तिनं विचारलं.

‘‘जवळपास,’’ स्बोर्दोनी म्हणाला.

तिनं लादी घासूनपुसून आरशासारखी केली आणि मंडळींसाठी पातेलंभर शेंगांची भाजी रांधून ठेवली.

पहिल्या दिवशी आमेदेओचं काम करणारा नात्सारेनो आला. हा आधी पियानो वाहून नेणाऱ्यांच्या टोळीत होता. तिथून स्बोर्दोनीनं त्याला उचललं होतं, ते त्याच्या खांद्यांसाठी. आजवरच्या सिनेमांत त्याच्या तोंडी एकच शब्द असायचा, ‘बरं’. गरीब स्वभावाचा, आईला दर आठवड्याला फोन करणारा माणूस. पण सवय ही सवय. इतर लोक घरात शिरताना टोपी काढतात, तसा हा शर्ट काढायचा. इल्देगार्दाच्या स्वयंपाकघरात पाऊल टाकलं आणि बटणं सोडायला लागला.

‘‘काय रे बाळा,’’ इल्देगार्दा म्हणाली, ‘‘गरम होतंय का? खिडकी उघडू?’’

नात्सारेनो लाजला. इतका लाजला की कॅमेरावाल्यानं काम थांबवून त्याच्याकडे पाहिलं, कारण त्या माणसाला लाजताना कुणी कधी पाहिलंच नव्हतं. त्यानं बटणं लावली, गळ्यापर्यंत. आणि पुढं शूटिंग संपेपर्यंत ती परत उघडली नाहीत.

विधवेचं काम होतं पाल्मिराकडे. फ्रोझिनोनेकडची पोरगी, पडद्यावर तिचं नाव काहीतरी फ्रेंच होतं. तिनं संवाद पाठ केले होते. हे तिच्या आयुष्यात पहिल्यांदाच घडत होतं, कारण याआधी पाठ करण्यासारखं काही दिलंच नव्हतं कुणी. दुपारी ती चुलीजवळ बसली होती, इल्देगार्दा शेंगा सोलत होती. पाल्मिरानं सहज विचारलं, ‘‘बाई, मला एक कळत नाही. ही चूल पेटवत का नाही? भूक लागत नाही का तिला?’’

‘‘भुकेचं काय त्यात,’’ इल्देगार्दा म्हणाली. ‘‘काडी लावली की ‘भप्प’ असा आवाज होतो बघ. तो आवाज झाला की घरातला माणूस आतून विचारतो, ‘काय करतेयस गं?’ कुणी विचारणार नसलं की तो आवाज नको वाटतो.’’

बोलली आणि तिचे हात थांबले. तिनं टेबलावरचे कागद ओढून घेतले, चष्मा लावला, वाचलं. मग मान वळवून दारात उभ्या असलेल्या भावाकडे पाहिलं. मास्तर आपल्या बुटांकडे बघत होते.

‘‘एर्मेते.’’

‘‘हं.’’

‘‘तू मीटर बघायचास?’’

‘‘मीटर दाराजवळच आहे, इल्दे. आत येताना दिसतोच.’’

‘‘म्हणून येत होतास दर रविवारी? मला वाटायचं खानावळ बंद असते म्हणून येतोस.’’

‘‘खानावळ चालू असायची,’’ मास्तर म्हणाले.

तेवढ्यात आतून स्बोर्दोनी लाल जाळीचा, वीतभर अंतर्वस्त्राचा तुकडा घेऊन आला आणि म्हणाला, ‘‘पाल्मिरा, हे घाल, पुढच्या सीनला.’’ इल्देगार्दानं तो तुकडा पाहिला, मग कॅमेरा पाहिला, मग नात्सारेनोचे खांदे पाहिले, आणि गॅसच्या सुरक्षिततेचा सगळा उलगडा तिला एकदम झाला.

‘‘माझी गोष्ट तू *ह्यात* घातलीस?’’ ती भावाला म्हणाली. आवाज चढवला नाही तिनं, आणि मास्तरांना तेच फार लागलं. तिनं शेंगांचं भांडं उचललं, शेजारणीकडे गेली आणि शूटिंग संपेपर्यंत आली नाही. जाताना दारातून स्बोर्दोनीला एवढंच म्हणाली, ‘‘आणि लाल कुणी घालत नाही. नवरा जाऊन वर्ष व्हायचंय तिला.’’

पाल्मिरानं लाल घातलं नाही.

मग पलंगाचा दिवस आला. स्बोर्दोनीनं दिवे लावून घेतले, चादर नवी आणली. पाल्मिरा काळ्या झग्यात, हाताची घडी घालून उभी.

‘‘ती नाही जाणार आत,’’ ती म्हणाली.

‘‘कोण नाही जाणार?’’

‘‘एर्सिलिया. त्यानं आत्ताच तर आर्टिचोक आणलेत. नवऱ्याची खुर्ची अजून तिथंच आहे. आज नाही जाणार ती.’’

‘‘पाल्मिरा!’’ स्बोर्दोनीचा आवाज खालच्या चौकापर्यंत गेला. ‘‘मागच्या महिन्यात तू आगीच्या बंबावरच्या तीन माणसांबरोबर एका टबात होतीस!’’

‘‘त्यांना नावं नव्हती,’’ पाल्मिरा म्हणाली.

स्बोर्दोनी नात्सारेनोकडे वळला. नात्सारेनो टोपी चुरगाळत म्हणाला, ‘‘कोमेंदातोरे, मला वाटतं बाईंना थोडा वेळ द्यायला हवा.’’ तो त्याच्या कारकिर्दीतला सर्वांत लांब संवाद होता, आणि तो कॅमेऱ्यात आलाच नाही.

शूटिंग संपलं तेव्हा हातात काय होतं? दोन माणसं, एक चूल, एक मीटर. सगळ्यात उघडी गोष्ट म्हणजे एर्सिलियाचं मनगट, काडी ओढतानाचं. स्बोर्दोनीनं स्वतः कात्री घेतली आणि कुठल्याशा जुन्या डॅनिश सिनेमातला एक जोरदार तुकडा बरोबर मध्यावर जोडून दिला. त्यात एक सोनेरी केसांची बाई होती, एक मिशीवाला होता आणि, का कोण जाणे, मागं बर्फ पडत होता.

सिनेमा पहिल्यांदा लागला तो पोंतेसेक्को नावाच्या लहानशा गावात, गास्पारे तोंदिनी याच्या थिएटरात. मास्तर बसनं तिथं गेले. बहीण बोलत नव्हती, घरात जीव रमत नव्हता. जेवण ती वाढायची, पण ताट ठेवताना भिंतीला सांगितल्यासारखं ‘गरम आहे’ म्हणायची.

थिएटरात नेहमीची मंडळी बसली होती, कॉलरी वर, एकमेकांपासून तीन-तीन खुर्च्या सोडून. सुरुवातीला शिट्ट्या झाल्या. ‘‘अरे काढा काहीतरी!’’ कुणी ओरडलं. दुसऱ्यांदा मीटर दिसला तेव्हा शिट्ट्या थांबल्या. तिसऱ्यांदा आमेदेओनं टिचकी मारली, आकडा तोच, आणि पुढच्या रांगेतला एक जाडजूड खाटीक हळूच म्हणाला, ‘‘अरेरे, जेवत नाहीये ती.’’ माणसं खुर्च्यांवर पुढं सरकली. आमेदेओ चौथ्यांदा दारात उभा राहिला. बाईनं दार उघडलं. आणि फाडकन बर्फ पडायला लागला, मिशीवाला आला.

पोंतेसेक्कोच्या थिएटरात तसला गोंधळ त्याआधी झाला नव्हता.

‘‘हा कोण?’’

‘‘मिशी कुठनं आली?’’

‘‘आमेदेओ कुठाय? ओ तोंदिनी! आमेदेओला आणा!’’

‘‘झाकून घे गं बाई, सर्दी होईल! बाजूला हो!’’

खाटीक उठून मशीनच्या खोलीत गेला. तिथं काय झालं ते मास्तरांनी पाहिलं नाही, पण थोड्या वेळानं पडदा पांढरा झाला, मग पुन्हा चूल आली, आणि तो डॅनिश तुकडा पुढं कधीच दिसला नाही. शेवटी काडी ओढली, मीटरचं चाक फिरलं, तेव्हा सगळं थिएटर उभं राहून टाळ्या वाजवत होतं. खाटीक रडत होता आणि ते लपवत नव्हता.

मास्तर अंधारात बसून राहिले. त्यांना फार आनंद झाला होता आणि तो ऐकून घेणारं घरी कुणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी खाटीक बायकोला घेऊन आला. तिसऱ्या दिवशी तिची आई आली. आठवड्याभरात अख्खं गाव येऊन गेलं आणि गावातल्या बायका गॅस पेटवताना क्षणभर थांबायला लागल्या. त्यांचे नवरे दाराच्या चौकटीत येऊन उभे राहायला लागले, हातात भाजी घेऊन.

आता कुणालाही वाटेल, थिएटरवाला खूश असेल. पण तोंदिनीनं स्बोर्दोनीवर फिर्याद ठोकली.

पोंतेसेक्कोच्या कोर्टात तो हात पसरून सांगत होता, ‘‘साहेब, माझा धंदा बुडाला! मी घाणेरडा सिनेमा मागवला होता. ह्यांनी मला स्वच्छ माल दिला. माझी रोजची गिऱ्हाइकं पळाली, कारण शेजारच्या खुर्चीवर सासू बसलेली असते. जी आहेत ती बिघडली. आता मी कुठलाही सिनेमा लावला, नर्स आत आली, की मागून ओरडतात, ‘का आली? ड्यूटी आहे का तिची?’ परवा एक चित्रपट सातव्या मिनिटाला बंद पाडला, नळ गळत नसताना प्लंबर आला म्हणून! साहेब, माझ्या लोकांना कारण लागायला लागलंय!’’

आता स्बोर्दोनीची पंचाईत झाली. आयुष्यभर तो कोर्टात ‘माझा सिनेमा अश्लील नाही’ हे सांगत आला होता. आज त्याला नेमकं उलटं सिद्ध करायचं होतं. त्यानं उत्तम सूट घातला, छातीवर हात ठेवला आणि म्हणाला, ‘‘साहेब, शपथेवर सांगतो, हा अत्यंत अश्लील सिनेमा आहे.’’

सरकारी वकील लगेच उठले. ‘‘आक्षेप आहे. मी तो तीन वेळा तपासलाय. त्यात काहीही नाही.’’

‘‘आहे!’’

‘‘दाखवा!’’

स्बोर्दोनीनं साक्षीदार बोलावला तो गावचा पाद्री, फादर उल्देरीको.

‘‘फादर,’’ न्यायाधीश क्वालिया म्हणाले. हे उत्तरेकडून बदलून आलेले, बारीक चणीचे, सतत रुमाल नाकाला लावणारे गृहस्थ. ‘‘तुम्ही हा सिनेमा पाहिलात?’’

‘‘चारदा.’’

‘‘चारदा? का बरं?’’

‘‘पापाची खात्री करून घ्यावी लागते,’’ फादर म्हणाले. ‘‘साहेब, मी वीस वर्षं या तोंदिनीच्या थिएटराविरुद्ध प्रवचनं दिली. त्यातल्या एकाही सिनेमानं गावात काही बिघडलं नाही. लोक बघायचे, विसरायचे. पण ती बाई काडी घेऊन उभी राहते आणि ओढत नाही... ओढत नाही...’’ त्यांनी कपाळ पुसलं. ‘‘मी डोळे मिटून घेतले, साहेब. मिटलेल्या डोळ्यांनी अजून जास्त दिसलं.’’

कोर्टात कुजबुज झाली. ‘‘आणि दुसरं,’’ फादर उतरता उतरता म्हणाले, ‘‘मधल्या भागात आमेदेओनं एकदा पाना घेऊन यायला हवं होतं. तिथं जरा ढिलं पडतं.’’

शेवटी कोर्ट उठून थिएटरात गेलं. न्यायाधीशांनी पुढच्या रांगेत बसून सिनेमा पाहिला. संपल्यावर ते बराच वेळ उठले नाहीत. मग तिथंच, पडद्यासमोर, त्यांनी मास्तरांना साक्षीला उभं केलं.

‘‘लेखक तुम्ही?’’

‘‘हो साहेब.’’

‘‘मला एक स्पष्ट सांगा. कायद्याच्या दृष्टीनं महत्त्वाचं आहे.’’ न्यायाधीशांनी रुमाल खिशात ठेवला. ‘‘चूल पेटली. आर्टिचोक शिजले. पुढं?’’

‘‘पुढं सिनेमा संपतो, साहेब.’’

‘‘ते मी पाहिलं. आतल्या खोलीचं दार उघडं आहे. ते जातात की नाही?’’

थिएटरात सगळी माणसं पुढं झुकली. खाटकानं बायकोचा हात धरला. तोंदिनी नुकसानभरपाई विसरून तोंड उघडं टाकून बघत होता. मास्तरांनी कधीच कुणाला शेवट आधी सांगितला नव्हता, पण इथं शपथ घेतलेली, आणि शेवट त्यांना स्वतःलाही ठाऊक नव्हता.

‘‘मला माहीत नाही,’’ ते म्हणाले.

‘‘लेखकाला माहीत नाही?’’

‘‘नाही जात!’’

आवाज मागून आला. सगळे वळले. शेवटच्या रांगेत, मांडीवर पर्स घेऊन, ठेवणीतला कोट घालून इल्देगार्दा बसली होती. बसनं आली होती, भावाला न सांगता.

‘‘बाई, तुम्ही कोण?’’ न्यायाधीशांनी विचारलं.

‘‘चूल माझी आहे,’’ इल्देगार्दा उभी राहून म्हणाली. ‘‘ते आत जात नाहीत. तो जेवतो. म्हणतो, मीठ कमी आहे. खोटं बोलतो, मीठ बरोबर होतं. मग भांडी पुसतो, नीट पुसत नाही. जिना उतरून जातो. पुढच्या रविवारी परत येतो, आणि एके दिवशी टाइपरायटर घेऊनच येतो. एवढंच झालं.’’

मास्तर म्हणाले, ‘‘मीठ कमीच होतं, इल्दे.’’

‘‘एर्मेते, शपथेवर आहेस!’’

‘‘थोडंसं,’’ मास्तर म्हणाले. ‘‘अगदी थोडंसं कमी होतं.’’

न्यायाधीशांनी दोघांकडे आळीपाळीनं पाहिलं. कायद्याच्या पुस्तकात याला काय म्हणतात ते त्यांना सुचेना. त्यांनी निकाल राखून ठेवला.

निकाल आला तो असा. हा सिनेमा निःसंशय प्रौढांसाठीच आहे, कारण इतकी वाट बघणं अठराच्या आतल्या कुणालाही झेपणार नाही आणि झेपू नये. तेव्हा तोंदिनीला माल ठरल्याप्रमाणेच मिळाला, फिर्याद फेटाळली. मात्र मीटरचं चाक फिरतानाचं दृश्य सार्वजनिक सभ्यतेला धरून नाही, सबब ते कापावं.

कापलं. पुढं तो सिनेमा देशभर फिरला तो त्या चाकाशिवाय. काडी ओढली जायची, ज्योत दिसायची आणि एकदम अंधार. स्बोर्दोनीनं बाहेर पाटी लावली, ‘कोर्टानं कापलेलं दृश्य वगळून!’ त्यामुळं गर्दी दुप्पट झाली. नेमकं काय कापलं असेल याच्या ज्या कल्पना लोक करायचे, त्या ऐकून स्बोर्दोनीसारखा माणूसही कानावर हात ठेवायचा.

पाल्मिरानं नंतर त्या धंद्यातले सिनेमे सोडले. तिला नाव नसलेल्या माणसांबरोबर काम जमेना. लाटिनाजवळ तिनं चादरी-पडद्यांचं दुकान काढलं. नात्सारेनो पियानो वाहायला परत गेला, पण आता घरमालकिणींशी दोन शब्द बोलायचा. त्या त्याला बसवून सरबत द्यायच्या, त्यामुळं पियानो पोचायला उशीर व्हायचा अशी तक्रार होती.

मास्तरांनी स्बोर्दोनीसाठी पुढं आणखी आठ-नऊ सिनेमे लिहिले. पण आता एकटे लिहीत नव्हते. मागच्या खोलीतला टाइपरायटर स्वयंपाकघरातल्या टेबलावर आला होता. रविवारी स्बोर्दोनी जेवायला यायचा, रुमाल कॉलरीत खोवायचा आणि नवा विषय मांडायचा.

‘‘ह्या वेळी जनावरांचा डॉक्टर आहे,’’ तो एकदा घास घेत म्हणाला. ‘‘सरदारीणबाईंकडे येतो. त्यांच्या कॅनरी पक्ष्याला बघायला.’’

‘‘कॅनरीसाठी डॉक्टर घरी येत नाही,’’ इल्देगार्दा परातीतून शेवया वाढत म्हणाली.

‘‘सरदारीण आहे हो ती!’’

‘‘असेना का. पिंजरा उचलून न्यायला किती जड असतो? घोडा पाहिजे.’’

‘‘तिसऱ्या मजल्यावर घोडा कसा चढवू, बाई?’’

‘‘तळमजला करा मग.’’

‘‘घोडा आजारी नसतोच मुळी,’’ मास्तर हळूच म्हणाले.

इल्देगार्दानं वाढायचं थांबवून भावाकडे पाहिलं. ‘‘आणि डॉक्टरला ते पहिल्या दिवशीच कळतं,’’ ती म्हणाली.

‘‘कळतं. तरी तो औषध लिहून देतो.’’

‘‘कडू औषध नको हं. बिचारा घोडा.’’

‘‘पलंग!’’ स्बोर्दोनी काटा टेबलावर आपटत ओरडला. ‘‘मला फक्त एवढंच सांगा, पलंग कितव्या मिनिटाला?’’

‘‘तबेल्यात कुठला आलाय पलंग,’’ इल्देगार्दा म्हणाली, आणि त्याच्या ताटात आणखी एक डाव शेवया घातल्या.